नसल्यास, विलंबाची कारणे काय आहेत?

२०१४ च्या नोव्हेंबरात मी एका आमदारांचा स्वीय सहायक झालो. त्याआधी सहा वर्षं तालुक्याच्या कॉलेजात तासिका तत्त्वावर राज्यशास्त्र शिकवत होतो. विधानसभेचे सदस्य २८८, विधान परिषदेचे ७८, पहिलं सभागृह पाच वर्षांनी विसर्जित होतं आणि दुसरं कधीच होत नाही, हे पोरांकडून घोकून घ्यायचो. सभागृह मात्र मी स्वतः कधी पाहिलं नव्हतं.

साहेब पहिल्यांदाच निवडून आले होते. त्यांचं आणि तालुक्याचं नाव इथे लिहीत नाही, कारण लिहायला परवानगी देताना त्यांनी तेवढी एकच अट घातली. डाळिंब, ज्वारी, शेळ्यामेंढ्या आणि मार्चपासून टँकर, अशा मुलखातला तो तालुका. साहेबांनी दहा वर्षं पंचायत समितीत काढली होती. मला बोलावून घेतलं आणि म्हणाले, "सर, पोरांना शिकवता ते मला शिकवा. दारावरची माणसं सांभाळायला बाकीचे आहेत." नोकरीला ठेवलं तरी पाच वर्षं ते मला 'सर'च म्हणत राहिले.

दारावरची माणसं बाकीच्यांनी सांभाळायची, हे फक्त बोलण्यापुरतं. सकाळी सहाला अंगणात चाळीस-पन्नास माणसं असायचीच. कुणाचा डीपी जळालेला, कुणाच्या शेतरस्त्यावर भावकीनं चर खणलेला, कुणाची बायको केईएममध्ये आणि खाट मिळत नाही, कुणाच्या पोराला बदली हवी. मुंबईत आकाशवाणी आमदार निवासात साहेबांच्या नावावर जी खोली होती तिच्यात साहेब कमी आणि टाटा रुग्णालयात आलेल्या पेशंटचे नातेवाईक जास्त झोपायचे. मी कित्येकदा रात्री अकराला पोचलो की पाय ठेवायला जागा शोधायचो. त्याबद्दल माझी तक्रार नाही. परमुलखात केमोथेरपीला आलेल्या माणसाला त्या खोलीचा केवढा आधार असतो हे मी डोळ्यांनी पाहिलंय.

पण लग्नसराई आली की माझा जीव कासावीस व्हायचा. एका दिवसात अकरा लग्नं, दोन दहावे, एक वास्तुशांत. आमदार अक्षता टाकायला आला की नाही याची नोंद लोक वर्षानुवर्षं ठेवतात. सभागृहात तो काय बोलला याची नोंद ठेवणारा माणूस मला त्या पाच वर्षांत तालुक्यात फारसा भेटला नाही. वर्तमानपत्रांच्या जिल्हा पानावरसुद्धा उद्घाटनाचा फोटो यायचा, प्रश्नाचं उत्तर नाही.

डिसेंबरात नागपूरचं हिवाळी अधिवेशन लागलं. आमचं पहिलं मोठं अधिवेशन ते. पासावर प्रेक्षक गॅलरीत बसलो आणि आधी नजर गेली ती गणपतराव देशमुखांकडे. सांगोल्याचे, शेतकरी कामगार पक्षाचे. तेव्हा वय अठ्ठ्याऐंशी, आणि ती त्यांची अकरावी टर्म. वर्गात त्यांचं उदाहरण मी दरवर्षी द्यायचो. १९६२ ला पहिल्यांदा निवडून आले, १९७२ ला हरले, १९७४ च्या पोटनिवडणुकीत परत आले. १९९५ ला केवळ १९२ मतांनी गेले, १९९९ ला पुन्हा आले. दोनदा मंत्री झाले. एवढ्या वर्षांत पक्ष बदलला नाही. एसटीनं फिरणारा आमदार आणि कामकाज संपेपर्यंत सभागृहात बसणारा आमदार, ही त्यांची ख्याती आमच्या भागात शेंबड्या पोरालाही माहीत.

त्या रात्री आमदार निवासाच्या खोलीत साहेबांनी स्वतःसाठी एक नियम केला. सभागृह तहकूब झाल्याशिवाय जागेवरून उठायचं नाही. "बोलता येईल तेव्हा येईल सर, बसायला तर येतं ना मला." पाच वर्षांत हा नियम मोडला तो दोन वेळा. एकदा आई गेली तेव्हा आणि एकदा ताप एकशे तीनवर गेला तेव्हा.

मला त्यांनी दुसरं काम लावलं. मुंबईला विधान भवनाच्या ग्रंथालयात बसून जुने वृत्तांत वाचायचे आणि प्रश्न कसा विचारतात ते शिकायचं. तिथे मुंबई प्रांताच्या काळापासूनच्या कामकाजाचे खंड आहेत. सुरुवातीला मी भाषणं वाचत सुटलो, मग ध्यानात आलं की खरी शिदोरी प्रश्नोत्तरांत आहे. त्याच दिवसांत रोजगार हमीचं सगळं मुळापासून वाचलं. माझी आजी १९७२ च्या दुष्काळात खडी फोडायला जायची. तिच्या उजव्या हाताच्या अंगठ्याला कायमची गाठ होती. मजुरी मागितली की सरकारनं काम द्यायचंच, ही कल्पना मांडली आणि सरकारच्या गळी उतरवली ती वि. स. पागे यांनी. ते विधान परिषदेचे सभापती होते, मंत्री नव्हते. तिचा कायदा १९७७ ला झाला, आणि देशाचा रोजगार हमीचा कायदा त्यानंतर अठ्ठावीस वर्षांनी, २००५ ला आला. खंड मिटून कितीतरी वेळ मी आजीच्या अंगठ्याचाच विचार करत होतो. सभागृहातल्या माणसाचा हात कुठवर पोचतो हे त्या दिवशी मला खऱ्या अर्थानं कळलं.

आता ज्यासाठी हे लिहायला घेतलं ते सांगतो.

जानेवारी २०१५. तालुक्याच्या टोकाच्या एका गावात हरिनाम सप्ताहाचा काला होता. कीर्तन झालं, महाप्रसाद झाला आणि गाडीत बसताना गावातली आशाताई, म्हणजे आरोग्य खात्याची आशा स्वयंसेविका, पुढं आली. "साहेब, दवाखाना बघून जावा." गावाबाहेर माळावर प्राथमिक आरोग्य केंद्राची नवीकोरी इमारत उभी होती. पाटी रंगवलेली, बाजूला डॉक्टर-नर्सची निवासस्थानं, दाराला कुलूप. कुलपावर गंज चढलेला. ओट्यावर कुणीतरी कडबा रचलेला आणि शेळ्या बांधलेल्या. इमारत बांधून दोन वर्षं होत आली होती. जवळचं दुसरं केंद्र १९ किलोमीटर, ग्रामीण रुग्णालय ३१.

आशाताईनं मग सांगितलं. महिन्यापूर्वी वस्तीवरच्या एका बाईला कळा सुरू झाल्या. जीप मिळेपर्यंत तास गेला, बाळंतपण वाटेत जीपमध्येच झालं. बाई वाचली, बाळ गेलं. सांगताना आशाताई रडली नाही. तिनं फक्त तारीख सांगितली, महिना आणि वर्षासकट, आणि म्हणाली, "लिहून घ्या." मी लिहून घेतली. परत आल्यावर नवी फाईल केली तेव्हा वरच्या पानावर पहिली तीच तारीख टाकली.

केंद्र बंद का, याचं उत्तर ग्रामसेवकानं तीन शब्दांत दिलं होतं, "पदं नाहीत साहेब." ऐकायला सोपं आहे. सरकारात इमारत आणि माणसं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. भिंतींना पैसा एका लेखाशीर्षातून येतो, डॉक्टर-नर्सच्या पगाराला दुसऱ्या. इमारत पूर्ण झाली म्हणजे माणसं आपोआप येत नाहीत. त्यासाठी पदनिर्मितीचा वेगळा प्रस्ताव लागतो, त्याला वित्त विभागाची सहमती लागते, पुढं सचिवांच्या उच्चस्तरीय समितीची मान्यता लागते, मग शासन निर्णय निघतो, आणि त्यानंतर कुठं भरती. यातली एक जरी पायरी अडली की इमारतीत शेळ्या.

आमदार निधीतून करून टाका, असं गावातल्या पुढाऱ्यांनी सुचवलं. तेव्हा आमदाराला स्थानिक विकासासाठी वर्षाला २ कोटी मिळायचे. त्यातून सभामंडप होतो, रस्ता होतो, हातपंप होतो. पगार होत नाही. लोकांना हा फरक समजावून सांगताना आमच्या तोंडाला फेस यायचा, आणि ऐकणाऱ्याला वाटायचं की आमदार टाळतोय.

अर्थसंकल्पी अधिवेशनासाठी मी तारांकित प्रश्न लिहिला, म्हणजे ज्याचं उत्तर मंत्र्यानं सभागृहात तोंडी द्यायचं असा. दोन पानी. त्यात जीप होती, बाळ होतं, ३१ किलोमीटरचा खडीचा रस्ता होता, शासनाच्या अनास्थेबद्दल एक कडक वाक्य होतं. तो नाकारला गेला, आणि बरोबरच नाकारला गेला. प्रश्नात युक्तिवाद चालत नाही, मत चालत नाही, एका प्रश्नात पाच विषय चालत नाहीत. मी फार नाराज झालो होतो. विदर्भातल्या एका आमदारांकडे पंचवीस वर्षं काम केलेले एक काका व्हरांड्यात भेटले, त्यांनी माझा कागद वाचला आणि मला बाकावर बसवून शिकवलं.

"सर, तुम्ही भाषण लिहिलंय. प्रश्न लिहिताना उत्तर देणारा कुठून निसटेल ते बघायचं आणि ती फट बुजवायची. नुसतं 'केंद्र बंद आहे हे खरे आहे काय' विचारलंत तर 'हे खरे नाही, उपकेंद्रामार्फत सेवा सुरू आहे' असं लिहून मोकळे होतील. तारीख घाला. पत्राचा जावक क्रमांक घाला. जावक क्रमांकाला 'हे खरे नाही' म्हणता येत नाही."

महाराष्ट्र विधानसभेच्या प्रश्नांचा साचा ज्यानं पाहिलाय त्याला ठाऊक आहे. सुरुवात 'सन्माननीय मंत्री पुढील गोष्टींचा खुलासा करतील काय' अशी. मग एक, दोन, तीन. 'हे खरे आहे काय', 'असल्यास, चौकशी केली आहे काय', 'त्यानुसार कोणती कार्यवाही केली वा करण्यात येत आहे'. आणि शेवटची ओळ बहुतेक ठरलेली, 'नसल्यास, विलंबाची कारणे काय आहेत?' आधी मला ही ओळ रटाळ वाटायची. नंतर नंतर सगळा प्रश्न तिच्यासाठीच लिहायचा असतो असं वाटायला लागलं. माणसाचं जे काही नुकसान होतं ते बहुतेक वेळा नकारानं होत नाही, उशिरानं होतं. आणि उशिराचं कारण लेखी मागण्याचा हक्क ज्यांना आहे अशी माणसं साऱ्या राज्यात किती? दोन्ही सभागृहं धरून पावणेचारशेच्या आत.

दुसऱ्या अधिवेशनात प्रश्न स्वीकारला गेला, पण यादीत खाली गेला. प्रश्नोत्तराचा तास म्हणजे खरोखर तासच असतो. त्यात हाताच्या बोटांवर मोजता येतील एवढे प्रश्न चर्चेला येतात, बाकीच्यांची उत्तरं छापील मिळतात. आमचं उत्तर छापील आलं. (१) हे अंशतः खरे आहे. (२) व (३) पदनिर्मितीची कार्यवाही सुरू आहे. (४) प्रश्न उद्भवत नाही.

आम्ही विलंबाची कारणं विचारली होती, आणि तो प्रश्न उद्भवतच नव्हता.

साहेबांनी तो कागद दोनदा वाचला आणि मला विचारलं, "सर, कार्यवाही सुरू आहे म्हणजे नेमकी कुठं? कुठल्या टेबलावर?" आमचं खरं काम त्या प्रश्नापासून सुरू झालं. पुढची दोन वर्षं मी त्या प्रस्तावाच्या मागं फिरलो. कार्यालयांची नावं घेत नाही. जिल्ह्याच्या ठिकाणाहून प्रस्ताव वर गेला होता, वरून त्रुटी काढून खाली आला होता, त्रुटी दूर करून पुन्हा वर गेला, पुन्हा खाली आला. एकदा लोकसंख्येचा दाखला नव्हता. एकदा दोन केंद्रांमधल्या अंतराचा दाखला होता पण त्याच्यावर सही योग्य अधिकाऱ्याची नव्हती. मूळ प्रस्ताव २०११ चा. २१ जून २०१२ ला मंत्रालयाला आग लागली त्यानंतर तो वर कुणाला सापडत नव्हता. जिल्ह्याच्या एका जुन्या कपाटात त्याची कार्यालयीन प्रत निघाली. पातळ कागद, कोपरे वाळवीनं खाल्लेले, पण जावक क्रमांक शाबूत. तो कागद हातात घेताना मला काय वाटलं ते सांगता येणार नाही. मी त्याच्या चार झेरॉक्स काढल्या आणि चार ठिकाणी ठेवल्या.

हे काम करणारी चांगली माणसंही भेटली. एका कक्ष अधिकारी बाईंनी मला फाईलची टिप्पणी कशी वाचायची ते सांगितलं. 'सादर', 'चर्चा करावी', 'तपासून फेरसादर करावे' या शेऱ्यांमध्ये किती महिने दडलेले असतात ते त्यांच्यामुळे कळलं. निवृत्तीच्या आदल्या आठवड्यात त्यांनी आमची टिप्पणी स्वतः टंकून वर पाठवली. त्या बाईंना मी दिवाळीला अजून फोन करतो.

वित्त विभागाची शंका एकच, पण अवघड. सपाट भागात ३०,००० लोकसंख्येमागं एक प्राथमिक आरोग्य केंद्र असा निकष आहे. २०११ च्या जनगणनेनुसार आमची गावं धरून बेरीज भरत होती अठ्ठावीस हजारांच्या आसपास. निकष डोंगरी आणि आदिवासी भागाला २०,००० चा आहे, आणि आमच्या बारा गावांतली पाच डोंगरी भागात मोडत होती. ही गोष्ट मूळ प्रस्तावात कुणी लिहिलीच नव्हती. साहेब स्वतः त्या पाचही गावांना गेले, दाखले गोळा केले. त्या दिवशी गावात एका मोठ्या कार्यकर्त्याच्या मुलीचं लग्न होतं. तिकडं जाणं झालं नाही.

दर अधिवेशनात लक्षवेधीची सूचना देत होतो, म्हणजे तातडीच्या विषयाकडे मंत्र्याचं लक्ष वेधून सभागृहात उत्तर मागायचं. नियम १०५. 'पुढील तातडीच्या व सार्वजनिक महत्त्वाच्या बाबीकडे' वगैरे. रोज ढिगानं सूचना येतात, निवडल्या जातात त्या मोजक्या. २०१६ गेलं, २०१७ गेलं. शेवटी २०१८ च्या पावसाळी अधिवेशनात आमची लक्षवेधी कामकाजाच्या क्रमात छापून आली. ते अधिवेशन त्या वर्षी नागपूरला होतं. तारीख ६ जुलै, शुक्रवार.

त्या दिवशी नागपूरवर आभाळ फाटलं होतं. सकाळी आमदार निवासातून निघालो तेव्हा रस्त्यावर पोटरीभर पाणी. विधान भवनाच्या तळाशी पाणी शिरलं, वीज बंद करावी लागली, सभागृह अंधारात. कामकाज दिवसभरासाठी तहकूब झालं. साहेब बाहेर आले तेव्हा त्यांच्या हातात आमची फाईल प्लास्टिकच्या पिशवीत गुंडाळलेली होती. साडेतीन वर्षं ज्याची वाट पाहिली तो दिवस असा गेला. मी खचलो होतो. साहेब म्हणाले, "सर, आपल्याकडं पावसाला कधी शिव्या द्यायच्या नसतात."

पुढच्या आठवड्यात लक्षवेधी पुन्हा लागली. मी गॅलरीत होतो. साहेब उभे राहिले, हातातला कागद थरथरत होता, आवाज नाही. चार मिनिटं बोलले. बाळाचा उल्लेख एकाच वाक्यात केला, तारीख सांगून. मग २०११ च्या पत्राचा जावक क्रमांक वाचला. मग पाच डोंगरी गावांची नावं. सभागृहात कुजबुज थांबली होती. दुसऱ्या पक्षाच्या दोन सदस्यांनी उठून उपप्रश्न विचारले, आमच्याकडेही अशीच इमारत आहे म्हणाले. मंत्र्यांनी उत्तर दिलं की तीन महिन्यांच्या आत पदनिर्मितीला मान्यता देऊ. खालच्या रांगेतून बाकं वाजली. मी वहीत वाक्य जसंच्या तसं उतरवून घेतलं आणि वेळ लिहिली, बारा वाजून सतरा मिनिटं.

सभागृहात मंत्र्यानं दिलेला शब्द हवेत जात नाही. प्रतिवेदक तो शब्दन्‌शब्द लिहून घेतात, आणि आश्वासनं पुरी झाली की नाही हे पाहायला विधानमंडळाची आश्वासन समिती असते. वर्गात मी या समितीबद्दल दोन ओळी शिकवायचो. आता वृत्तांताची असुधारित प्रत घेऊन त्या पानाला खूण केली आणि दर पंधरा दिवसांनी एक पत्र पाठवत राहिलो. प्रत्येक पत्रात तेच पान, तेच वाक्य. तीन महिन्यांचे सात झाले. फेब्रुवारी २०१९ मध्ये एका रात्री शासनाच्या संकेतस्थळावर रोजच्यासारखे शासन निर्णय चाळत होतो आणि आमच्या गावाचं नाव दिसलं. दोन-तीनदा वाचलं. गाव तेच, तालुका तोच.

साहेबांना फोन लावला. ते कुणाच्या तरी मयतीहून परतत होते. बराच वेळ काही बोलले नाहीत. मग विचारलं, "पदं किती?" पंधरा मागितली होती. निम्म्याहून थोडी जास्त नियमित मिळाली, बाकीची कामं बाह्यस्रोतांतून करून घ्या म्हणून लिहिलं होतं. वैद्यकीय अधिकाऱ्यांची दोन्ही पदं मात्र मंजूर होती. "झालं तर मग," एवढंच म्हणाले, आणि त्यांचा आवाज भरून आला होता.

केंद्र ऑगस्टमध्ये सुरू झालं. दोन वर्षं थकलेलं वीजबिल, बंद मीटर, फुटलेल्या काचा, ते सगळं गावकऱ्यांनी आणि ग्रामपंचायतीनं मिळून निस्तरलं. आशाताईनं दारात रांगोळी काढली होती. नवव्या दिवशी तिथं पहिलं बाळंतपण झालं, मुलगी. त्या मुलीच्या बापानं पेढे आणून दिले ते साहेबांनी स्वतः खाल्ले नाहीत, मला दिले.

ऑक्टोबरात निवडणूक झाली. साहेब हरले.

याच्यावर फार लिहिण्यासारखं नाही. हरण्याची कारणं बरीच असतात, लाट असते, जात असते, पैसा असतो, पक्षातली माणसं असतात. पण प्रचारात एका वाडीवर एक म्हातारा साहेबांना जे म्हणाला ते माझ्या मनातून जात नाही. "नातीच्या लग्नाला आला न्हाईस. पत्रिका ठेवली हुती." साहेबांनी त्याचे पाय धरले. लग्नाच्या दिवशी ते नागपूरला सभागृहात होते. हे त्या म्हाताऱ्याला सांगावं असं मला फार वाटलं, आणि साहेबांनी डोळ्यांनीच मला गप्प केलं. त्या म्हाताऱ्याचंही चूक नव्हतं. आमदार आपल्या घरचा असावा असं त्याला वाटत होतं. पण आमदार नागपूरला कशासाठी जातो हे त्याला कुणीच कधी सांगितलं नाही. मी राज्यशास्त्राचा मास्तर, हे सांगणं माझं काम होतं. आता मी पुन्हा शिकवतो, तेव्हा पहिल्याच तासाला पोरांना त्या फाईलची झेरॉक्स दाखवतो.

निकालाच्या संध्याकाळी साहेब अंगणात खुर्ची टाकून बसले होते. अंगणात आम्ही पाच-सहाच माणसं. ते म्हणाले, "गणपतराव १९२ मतांनी गेले होते, तेव्हा कसं वाटलं असेल रे त्यांना." त्या निवडणुकीत गणपतराव वयामुळे उभे नव्हते. ३० जुलै २०२१ ला ते गेले. बातमी आली तेव्हा साहेब डाळिंबाच्या बागेत होते. कात्री ठेवली आणि बांधावर बसून राहिले. ज्या माणसाशी ते पाच वर्षांत मोजकंच बोलले असतील त्याच्यासाठी ते घरचं माणूस गेल्यासारखे बसले होते.

करोनात त्या केंद्रानं काय केलं हे सांगायला वेगळा लेख लागेल. आसपासच्या बारा गावांचं लसीकरण त्याच ओट्यावर झालं, जिथं शेळ्या बांधलेल्या असायच्या.

२०२२ च्या सुरुवातीला मला एका मुलाचा फोन आला. नव्या आमदारांचा सहायक, वय पंचविशीतलं, बोलण्यात अदब. केंद्रातलं वैद्यकीय अधिकाऱ्याचं एक पद वर्षभर रिकामं आहे, त्याच्यावर प्रश्न लावायचाय, म्हणाला. कसा लिहायचा ते सांगाल का, सर? निवडणुकीत याच लोकांनी साहेबांबद्दल काय काय बोललं होतं ते मला पाठ होतं. मी साहेबांना विचारलं. ते म्हणाले, "नुसतं सांगू नका. फाईल द्या. सगळी द्या."

एसटी स्टँडवरच्या कँटीनमध्ये आम्ही भेटलो. मी त्याला काकांचा धडा शिकवला. तारीख घाल, जावक क्रमांक घाल, मत लिहू नकोस, शेवटची ओळ विसरू नकोस. तो भराभर लिहून घेत होता. मग त्यानं फाईल उघडली आणि वरच्या पानावर बोट ठेवून विचारलं, "सर, ही पहिली तारीख कसली? कुठल्या पत्राची?"

मी सांगितलं.

त्यानं वही मिटली. त्याची गाडी लागली होती, कंडक्टर हाका मारत होता. तो उठला, फाईल पिशवीत घातली, पुन्हा बाहेर काढली आणि छातीशी धरून गाडीत चढला.